होमस्कूलिंग वाढतंय, पण त्याचा निकाल मोजला कोणी?

होमस्कूलिंगचा विषय निघाला की दोन वाक्यं हमखास ऐकू येतात. एक, "घरी शिकणारी मुलं शाळेतल्या मुलांपेक्षा कितीतरी पुढे असतात, रिसर्चच आहे तसा." आणि दुसरं, "अशी मुलं एकलकोंडी होतात, पुढे त्यांचं काही होत नाही." दोन्हीकडचे लोक इतक्या खात्रीने बोलतात की ज्या आईबापांना खरंच निर्णय घ्यायचाय ते बिचारे गोंधळून जातात. मी या विषयावरचे अभ्यास बऱ्यापैकी वाचलेत आणि माझं स्पष्ट मत असं झालंय की "घरी शिकणाऱ्या मुलांचा सरासरी निकाल" असा आकडा आज कोणाकडेच नाही. जे आकडे फिरतात ते ठरावीक मुलांचे असतात. ती मुलं कोण, त्यांना कोणी निवडलं, कोण मोजायचं राहिलं, हे कळलं की अर्धा गोंधळ तिथेच मिटतो, म्हणून तेच जरा सविस्तर सांगतो.

आधी हे सगळं सुरू कुठून झालं ते बघू. शाळा सक्तीची व्हायच्या आधी बहुतेक मुलं घरीच शिकायची, पण आज ज्याला आपण होमस्कूलिंग म्हणतो ती चळवळ १९७० च्या दशकात अमेरिकेत उभी राहिली, आणि गंमत म्हणजे ती दोन अगदी वेगळ्या टोकांकडून आली. एकीकडे जॉन होल्ट, जे स्वतः शिक्षक होते. सुरुवातीला त्यांना शाळा सुधारायच्या होत्या, मग शाळा सुधारतील ही आशाच त्यांनी सोडली आणि १९७७ मध्ये घरी शिकवणाऱ्या पालकांसाठी एक नियतकालिक काढलं. मूल स्वतःच्या कुतूहलाने शिकतं, त्याच्या मागे वेळापत्रक लावू नका, हे त्यांचं म्हणणं. अशा शिकण्यासाठीचा 'अनस्कूलिंग' हा शब्द त्यांचाच. दुसरीकडे रेमंड आणि डोरोथी मूर हे जोडपं, लहान मुलांना औपचारिक शाळेत घालायची घाई करू नका असं सांगणारं, आणि त्यांचं म्हणणं धार्मिक ख्रिश्चन कुटुंबांनी मोठ्या प्रमाणावर उचलून धरलं. म्हणजे एकाला शाळा फार कडक वाटत होती, दुसऱ्याला शाळेतलं वातावरण फार मोकाट वाटत होतं, आणि दोघंही एकाच मोर्चात. १९८३ मध्ये होम स्कूल लीगल डिफेन्स असोसिएशन ही संघटना निघाली, तिने कोर्टात आणि विधिमंडळांत जोर लावला, आणि १९९३ पर्यंत अमेरिकेच्या ५० च्या ५० राज्यांत होमस्कूलिंग कायदेशीर झालं. ही संघटना लक्षात ठेवा, पुढे रिसर्चच्या भागात ती परत येणारे.

आता आकडे. अमेरिकेच्या शिक्षण खात्याच्या सर्व्हेनुसार १९९९ मध्ये तिथे साधारण ८ लाख ५० हजार मुलं घरी शिकत होती, म्हणजे १.७ टक्के. २००३ मध्ये ११ लाख, २००७ मध्ये १५ लाख, आणि २०१२ मध्ये ते ३.४ टक्क्यांपर्यंत पोचलं. नंतर थोडं घसरलं, २०१९ मध्ये २.८ टक्के होतं. म्हणजे कोविडच्या आधी ही वाढ थांबल्यासारखीच झाली होती, हे फारसं कोणी सांगत नाही. मग २०२० आलं. जनगणना खात्याने त्या वर्षी वसंतात कुटुंबांना विचारलं तेव्हा शाळेच्या वयाची मुलं असलेल्या घरांपैकी ५.४ टक्के घरं होमस्कूलिंग करतो म्हणाली, आणि ऑक्टोबरच्या सुमाराला हाच आकडा ११.१ टक्के. कृष्णवर्णीय कुटुंबांत तर ३.३ वरून थेट १६.१ टक्के, आणि "होमस्कूलिंग म्हणजे गोऱ्या धार्मिक लोकांचं काम" ही जुनी समजूत त्या एका वर्षात मोडली.

पण इथे एक मेख आहे. हा सर्व्हे घरांचा होता आणि आधीचे आकडे मुलांचे आहेत, त्यामुळे २.८ वरून ११.१ अशी सरळ उडी दाखवणारे चार्ट फिरतात ते चुकीचे आहेत. शिवाय त्या काळात मुलं घरीच बसून शाळेचा ऑनलाइन वर्ग करत होती, आणि बऱ्याच पालकांना ते पण होमस्कूलिंगच वाटलं असणार. (ऑक्टोबरच्या वेळी प्रश्नात सुधारणा करून हे वेगळं केलं होतं, तरी गोंधळ पूर्ण जात नाही.) कोविड ओसरल्यावर, २०२२–२३ मध्ये, शिक्षण खात्याच्या सर्व्हेत होमस्कूलिंग ३.४ टक्के आलं, आणि पूर्णवेळ ऑनलाइन शाळा करणारी मुलं वेगळी, २.५ टक्के. म्हणजे लाट आली, बरीचशी ओसरली, पण २०१९ च्या पातळीवर काही परत गेली नाही.

इंग्लंडमध्ये वाढ अजूनही चालूच आहे. तिथे शरद ऋतूतल्या एका ठरलेल्या दिवशी किती मुलं घरी शिकतायत याची मोजणी होते: २०२२ मध्ये ८०,९००, २०२३ मध्ये ९२,०००, २०२४ मध्ये १,११,७००. यातला काही भाग नोंदणी सुधारल्यामुळे वाढलेला असू शकतो पण सगळा नाही. आणि कारणं बघितली की वाईट वाटतं, कारण मुलाचं मानसिक आरोग्य हे तिथे सगळ्यात जास्त वेळा नोंदवलं जाणाऱ्या कारणांपैकी एक आहे. या पालकांनी काही होल्ट वाचून निर्णय घेतलेला नसतो. मूल सकाळी पोटात दुखतंय म्हणून रडतं, शाळेत जायचं म्हटलं की थरथरतं, किंवा त्याला ऑटिझम असतो आणि शाळेला ते झेपत नाही, मग शेवटी पालक म्हणतात राहू दे बाबा घरी. अमेरिकेतही २०१९ च्या सर्व्हेत ८० टक्के पालकांनी शाळेतल्या वातावरणाची काळजी हे एक कारण सांगितलं होतं, म्हणजे सुरक्षितता, ड्रग्स, बरोबरीच्या मुलांचं प्रेशर वगैरे, आणि धार्मिक शिक्षण हे कारण ५९ टक्क्यांनी. म्हणजे हौसेने घरी शिकवणारे आणि नाइलाजाने घरी शिकवणारे असे दोन पूर्ण वेगळे गट आहेत, आणि आपण दोघांना एकच नाव देतो.

आता मुख्य मुद्दा, निकाल. तुम्ही कुठेही "होमस्कूलिंगची मुलं ८५ पर्सेंटाइलला असतात" असं वाचलं असेल तर त्याचा उगम बहुतेक वेळा दोन अभ्यासांत सापडतो. पर्सेंटाइल म्हणजे मार्क नाहीत हं, ८५ पर्सेंटाइल म्हणजे देशभरातल्या १०० मुलांत ८५ जण त्याच्या मागे.

पहिला अभ्यास लॉरेन्स रुडनर यांचा, १९९९ चा. तब्बल २०,७६० मुलं, ११,९३० कुटुंबं, आणि मुलांचे स्कोअर साधारण ७० ते ८० पर्सेंटाइलमध्ये. ऐकायला जबरदस्त वाटतं. आता जरा जवळ जाऊन बघू ही कुटुंबं कुठली. ही सगळी एका ख्रिश्चन विद्यापीठाच्या टेस्टिंग सेवेची गिऱ्हाइकं होती, म्हणजे ज्यांनी स्वतःहून पैसे भरून मुलाची टेस्ट मागवली तेच पालक. त्यातली ९४ टक्के मुलं गोरी. ९७ टक्के मुलांचे आईवडील लग्नाचे आणि एकत्र राहणारे. पालकांचं शिक्षण देशाच्या सरासरीपेक्षा जास्त, आणि बहुतेक आया नोकरी न करणाऱ्या. अभ्यासाला पैसे दिले ते वर सांगितलेल्या त्याच लीगल डिफेन्स संघटनेने. रुडनर यांनी स्वतः प्रामाणिकपणे लिहिलं होतं की हा अभ्यास होमस्कूलिंग शाळेपेक्षा चांगलं आहे असं सिद्ध करत नाही, पण ते वाक्य पुढे कोणी शेअर करत नाही, आकडा तेवढा शेअर होतो.

दुसरा अभ्यास ब्रायन रे यांचा २००९ चा, ११,७३९ मुलं, विषयानुसार ८४ ते ८९ पर्सेंटाइल. तीच संघटना, तीच पद्धत, स्वेच्छेने भाग घेतलेली कुटुंबं.

यात नेमकं बिघडतं काय ते एका साध्या हिशोबाने सांगतो. समजा १०० कुटुंबं घरी शिकवतात. त्यातली ३० टेस्ट देतात आणि निकाल कळवतात, त्यांची सरासरी ८५ पर्सेंटाइल. उरलेल्या ७० चं काय? त्यांची सरासरी ८५ पण असू शकते आणि ३५ पण. पहिल्या केसमध्ये सगळ्यांची सरासरी ८५, दुसऱ्या केसमध्ये ५०, म्हणजे बरोबर शाळेतल्या मुलांइतकीच. आपल्या हातात फक्त त्या ३० चे कागद आहेत, त्यामुळे दोन्हीतलं खरं काय ते सांगताच येत नाही. आणि ज्यांच्याशी तुलना चाललीय त्या शाळेच्या बाजूला मात्र सगळी मुलं मोजलेली असतात, ज्याच्या घरी खायची पंचाईत आहे तोही, ज्याचे आईबाप रोज भांडतात तोही, ज्याला ताप असताना परीक्षेला बसवलं तोही.

रे यांच्या अभ्यासात अजून एक गोष्ट आहे जी लोक फार उत्साहाने सांगतात, की आईबाप दोघंही पदवीधर नसले तरी मुलं ८३ पर्सेंटाइलला होती, म्हणजे पालकांच्या शिक्षणाने काही फरक पडत नाही. थांबा जरा. स्वतः कॉलेज न केलेले, पण मुलासाठी पैसे भरून टेस्ट मागवणारे, आणि स्वतःहून रिसर्चमध्ये भाग घेणारे, असे पालक हे त्या गटातले सगळ्यात जिद्दी पालक झाले. त्यांच्यावरून इतर कुणाचाही अंदाज बांधणं हा त्या इतरांच्या मुलांवर अन्याय आहे, कारण मग कोणी मदतीला जातच नाही, सगळं आपोआप होतं असं मानलं जातं.

मग चांगला अभ्यास कुठला? मला स्वतःला कॅनडातला २०११ चा एक छोटा अभ्यास सगळ्यात बोलका वाटतो. सँड्रा मार्टिन-चँग आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ५ ते १० वयाची ७४ मुलं घेतली, ३७ घरी शिकणारी आणि ३७ शाळेत जाणारी, आणि महत्त्वाचं म्हणजे टेस्ट पालकांनी नाही तर रिसर्चवाल्यांनी स्वतः घेतल्या. घरी शिकणाऱ्या ३७ चे दोन भाग पडले. २५ मुलांच्या घरी ठरवलेला अभ्यास होता, पुस्तकं, क्रम, रोजचा वेळ. ही मुलं शाळेतल्या मुलांच्या पुढे होती, गणितात साधारण अर्धी इयत्ता आणि वाचनात दोन इयत्तांच्या वर. उरलेली १२ मुलं ठरावीक अभ्यास नसलेल्या घरातली, आणि ती शाळेतल्या मुलांच्याही मागे होती. एकच नाव, 'होमस्कूलिंग', आणि निकाल दोन विरुद्ध दिशांना. १२ मुलं म्हणजे फार छोटा आकडा आहे, ही पण स्वेच्छेने आलेलीच कुटुंबं आहेत, आणि अनस्कूलिंगवाले म्हणतील की ५ ते १० हे वय त्यांच्या पद्धतीचा न्याय करायला फार लवकरचं आहे, त्यात तथ्य आहे. पण दोन्ही गटांची सरासरी काढून "होमस्कूलिंगचा निकाल" सांगणं किती निरर्थक आहे ते यावरून दिसतं.

गणिताबद्दल थोडं थांबतो, कारण हे पालकांना सगळ्यात उपयोगी पडेल. रॉबर्ट कुन्झमन आणि मिल्टन गेदर या दोघांनी होमस्कूलिंगवरचे शेकडो अभ्यास एकत्र वाचून २०१३ मध्ये एक आढावा लिहिला, पुढे २०२० मध्ये तो सुधारला. त्यात एक गोष्ट वारंवार दिसते: पालकांचं शिक्षण वगैरे हिशोबात धरलं की घरी शिकणारी मुलं भाषेत, वाचनात थोडी पुढे आणि गणितात थोडी मागे. असं का होत असावं हे समजायला फार विचार करावा लागत नाही. भाषा घरात दिवसभर चालू असते, जेवताना, भांडताना, गोष्ट वाचताना, पालक ज्या विषयावर बोलतील त्यातून मूल शब्द उचलतं. गणित असं उचलता येत नाही. अपूर्णांकांची बेरीज करायची तर समच्छेद करता आला पाहिजे, त्यासाठी लसावि, त्यासाठी पाढे आणि अवयव, आणि यातली एक पायरी कच्ची राहिली की त्या दिवशी काही कळत नाही, कळतं दोन वर्षांनी बीजगणितात, जेव्हा एक्सच्या खाली तीन आणि वायच्या खाली चार येतात आणि मूल वह्या बाजूला सारतं. शाळेत निदान वर्ष बदललं की शिक्षक बदलतात, नवीन शिक्षकाला ती कच्ची पायरी दिसण्याची शक्यता असते. घरी एकच माणूस वर्षानुवर्षं शिकवतोय आणि त्याला स्वतःला गणिताची धास्ती असेल तर तो विषय हळूहळू "उद्या बघू" मध्ये जातो. त्यामुळे घरी शिकवणार असाल तर बाकी सगळं स्वतः करा पण गणित दर काही महिन्यांनी बाहेरच्या कोणाला तरी तपासायला द्या, हे मी ओळखीतल्या प्रत्येकाला अगदी मनापासून सांगतो.

कॉलेजचं काय? इथेही दोन आकडे समोरासमोर ठेवतो. अमेरिकेतल्या एका खासगी विद्यापीठात मायकेल कोगन यांनी केलेला, २०१० मध्ये छापून आलेला अभ्यास आहे, त्यात घरी शिकून आलेल्यांपैकी ६६.७ टक्के पदवी पूर्ण करून बाहेर पडले आणि बाकीच्यांचं प्रमाण ५७.५ टक्के. मस्त. पण ७,७७६ विद्यार्थ्यांत घरी शिकलेले होते फक्त ७६, आणि हे तेच ज्यांना आधी प्रवेश मिळाला होता. दुसरीकडे २०२१ मध्ये 'प्लॉस वन' या विज्ञानाच्या नियतकालिकात आलेला हार्वर्डच्या रिसर्चर लोकांचा अभ्यास, १२,२८८ मुलांचा, आणि ही मुलं होमस्कूलिंगसाठी निवडलेली नव्हती, नर्सेसच्या आरोग्याचा एक मोठा अभ्यास वर्षानुवर्षं चालू आहे त्यातल्या नर्सेसची ही मुलं. त्यात घरी शिकलेल्यांची संख्या कमीच होती, पण सरकारी शाळेत गेलेल्यांच्या तुलनेत ती मुलं मोठेपणी स्वयंसेवेत जास्त भाग घेत होती, दुसऱ्याला माफ करण्याकडे त्यांचा कल जास्त होता, आणि कॉलेजची पदवी मिळवण्याची शक्यता मात्र कमी होती. दोन्ही अभ्यास एकमेकांना खोडत नाहीत. जे कॉलेजच्या दारापर्यंत पोचतात ते आत टिकतात. दारापर्यंत पोचणारेच कमी असू शकतात.

एकलकोंडेपणाचा मुद्दा मी थोडक्यात आटपतो कारण त्यात लोकांना वाटतं तेवढा दम नाही. वरचा हार्वर्डचाच अभ्यास बघा. बहुतेक रिसर्चमध्ये घरी शिकलेल्या मुलांची मैत्री, वागणं, आत्मविश्वास यात काही ठळक तोटा दिसत नाही, फक्त यातल्या बऱ्याच ठिकाणी माहिती पालकांनीच भरलेली असते हे लक्षात ठेवा. आता तर चार कुटुंबं मिळून एकत्र शिकवतात, आठवड्यातून दोन दिवस बाहेर वर्ग असतात. अमेरिकेच्या सर्व्हेत तर आठवड्याला काही तास शाळेत जाणारं मूल पण होमस्कूलिंगमध्ये धरलं जातं!

मला जो प्रश्न खरंच अस्वस्थ करतो तो एकटेपणाचा नाही, नजरेआड होण्याचा आहे. शाळा कितीही वाईट असली तरी तिथे रोज कोणीतरी परका मोठा माणूस मुलाकडे बघतो, अंगावरचा वळ बघतो, डबा आणला नाही ते बघतो. २०१८ च्या जानेवारीत कॅलिफोर्नियात एक १७ वर्षांची मुलगी खिडकीतून बाहेर पडली आणि तिने पोलिसांना फोन केला, तेव्हा कळलं की त्या घरातल्या १३ भावंडांपैकी बहुतेकांना उपाशी आणि काहींना साखळ्यांनी बांधून ठेवलं होतं. वडिलांनी राज्याकडे घरातच खासगी शाळा चालवतो असा कागद भरलेला होता आणि तेवढ्यावर सगळं कायदेशीर होतं. त्याच वर्षी कनेक्टिकटमध्ये बालहक्क कार्यालयाने सहा शाळा-जिल्ह्यांचे (म्हणजे सरकारी शाळा चालवणाऱ्या स्थानिक विभागांचे) तीन वर्षांचे कागद तपासले. होमस्कूलिंगसाठी शाळेतून काढून घेतलेल्या ३८० मुलांपैकी १३८ मुलांच्या घरांबद्दल आधी छळाची किंवा दुर्लक्षाची निदान एक तक्रार दाखल करून घेतलेली होती, म्हणजे ३६ टक्के. तक्रार म्हणजे गुन्हा सिद्ध नव्हे, आणि घरी शिकवणारे बहुसंख्य पालक मुलांसाठी जिवाचं रान करणारे असतात याबद्दल माझ्या मनात अजिबात शंका नाही. पण कागदावर दोन्ही घरं सारखीच दिसतात, हीच तर अडचण आहे.

वेगवेगळ्या देशांनी यावर वेगवेगळी उत्तरं काढलीत. जर्मनीत शाळेत जाणं सक्तीचं आहे, अगदी तुरळक अपवाद सोडले तर घरी शिकवता येत नाही, आणि युरोपच्या मानवाधिकार कोर्टाने २००६ मध्ये जर्मनीची बाजू मान्य केली. स्वीडननेही २०१० च्या कायद्याने जवळपास दार बंद केलं. फ्रान्समध्ये आधी नुसतं कळवलं की चालायचं, २०२१ च्या कायद्यानंतर परवानगी घ्यावी लागते. अमेरिकेत मात्र राज्याराज्यात जमीन-अस्मानाचा फरक, न्यूयॉर्कमध्ये दर तिमाहीला रिपोर्ट द्यावा लागतो आणि टेक्ससमध्ये काही कळवावंच लागत नाही. इंग्लंडमध्ये डिसेंबर २०२४ मध्ये जे विधेयक मांडलं त्यात शाळेत नसलेल्या मुलांची सक्तीची नोंदवही ठेवायची तरतूद होती, आणि ज्या घरात मुलाच्या सुरक्षिततेची चौकशी चालू आहे तिथे मुलाला शाळेतून काढायला परवानगी लागेल असंही.

मला बंदी पटत नाही. ज्या मुलाला शाळेत जायचं म्हटलं की उलटी होते त्याला बंदी घालून कुठे पाठवणार? पण नोंद आणि वर्षातून एकदा कोणीतरी मुलाला प्रत्यक्ष भेटणं याला विरोध का व्हावा हे मला कळत नाही. २०१३ मध्ये अमेरिकेत कोॲलिशन फॉर रिस्पॉन्सिबल होम एज्युकेशन नावाची संस्था निघाली, ती काढणारे स्वतः घरी शिकून मोठे झालेले लोक होते, आणि त्यांची मागणी हीच आहे: मुलाची नोंद ठेवा, त्याच्या अभ्यासाचं मूल्यमापन बाहेरच्या माणसाकडून करा, आणि ज्यांच्या नावावर मुलांवरच्या अत्याचाराचा इतिहास आहे त्यांना मुलांना घरी शिकवू देऊ नका. अशी नोंद सगळीकडे झाली तर मुलं सुरक्षित राहतीलच, शिवाय वरच्या हिशोबातल्या त्या ७० कुटुंबांची मुलं काय शिकतायत तेही पहिल्यांदाच कळेल.